म्हाताऱ्याला उठवणारे प्रॉम्प्टर

खेडच्या कचेरीत मी रुजू झाले त्या दिवशी साहेबांसमोर माझं दुसरं वाक्य अर्ध्यावर अडलं, आणि उरलेलं अर्धं दुसऱ्याच माणसाने मला दिलं.

"मी साताऱ्याची," मी म्हणाले. "आजपासून इथे..." आणि तिथेच अडले. साहेब चष्म्यावरून बघत होते. तेवढ्यात खिडकीच्या गजांपलीकडून, कानात फुंकर घालावी तशा आवाजात कुणीतरी म्हणालं, "रुजू व्हायला आले आहे."

"रुजू व्हायला आले आहे," मी म्हणून टाकलं.

"बसा," साहेब म्हणाले आणि खिडकीकडे न बघताच पुढे म्हणाले, "भाऊ, तुम्ही तुमचं काम करा."

हे १९९८ सालचं. खिडकीबाहेर, कचेरीच्या व्हरांड्यात टेबल टाकून भाऊ लोकांचे अर्ज लिहून द्यायचे. वय चौसष्टच्या आसपास, अंगात पांढरा शर्ट, नाकाच्या शेंड्यावर चष्मा. पण अर्ज लिहिणं हा त्यांचा पोटापाण्याचा धंदा होता. खरं काम त्यांच्या मते एकच, प्रॉम्प्टिंग. विसाव्या वर्षापासून ते नाटकांना विंगेतून प्रॉम्प्टिंग करत आले होते, आणि विंगेतून बाहेर पडल्यावरही ते काम थांबवायचं असतं हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

समोरचा बोलता बोलता अडला की भाऊ पुढचा शब्द देणारच. मग तो साहेब असो, डॉक्टर असो, की बाजारात पैसे मोजताना घोटाळलेली कोळीण असो. यात आगाऊपणा नव्हता. दुसऱ्याच्या हातून भांडं निसटताना आपला हात आपोआप पुढे जातो, तसं त्यांचं व्हायचं. मी एकदा विचारलं, "भाऊ, समोरच्याला काय म्हणायचं आहे ते तुम्हाला कसं कळतं?"

"कळत नाय," भाऊ कुजबुजले. त्यांचा आवाज चाळीस वर्षं विंगेत राहून कायमचा बारीक झाला होता. "अर्थ बघायचा नाय, बाय. ओळ द्यायची. थांबलेला माणूस चारचौघांत उघडा पडतो. त्याच्या अंगावर कायतरी टाकायचं."

हे कायतरी कधीकधी भलतंच असायचं. आमच्या शिपायाच्या मुलीच्या लग्नात नवरीला उखाणा घ्यायला लावला. तीन ओळी तिने छान म्हटल्या आणि चौथीला अडली. मांडवाच्या खांबामागून भाऊंनी ओळ दिली. ओळ यमकात चोख बसली, पण त्यात नाव होतं गणपतराव, आणि नवऱ्याचं नाव होतं सुरेश. घाबरलेल्या मुलीने जसंच्या तसं म्हणून टाकलं. गणपतराव हे नवऱ्याच्या थोरल्या काकांचं नाव निघालं. ते समोरच पान घेऊन बसले होते. त्यांना ठसका लागला तो पंगत उठेपर्यंत गेला नाही. त्यानंतर भाऊंना लग्नाची आमंत्रणं यायची, पण त्यांची खुर्ची आचाऱ्याच्या बाजूला मांडलेली असायची.

त्यांचे अर्जही तसेच. नाटकाच्या वह्या उतरवून काढायची सवय हातात बसलेली. त्यामुळे रेशनकार्डाच्या अर्जात मधेच कंस यायचे. "अर्जदार हा गरीब शेतकरी असून (हात जोडून) त्याचे नाव कमी झाले आहे. (थोडे थांबून) सबब मेहरबान साहेबांनी..." साहेब हे अर्ज मोठ्याने वाचायचे आणि नकळत तिथे तिथे थांबायचे. असे अर्ज लवकर मंजूर होतात अशी तालुक्यात समजूत होती. ती अगदीच खोटी नसावी, कारण भाऊंच्या टेबलासमोर रांग कायम असे.

बरोबर चालताना ते नेहमी आपल्या डाव्या हाताला, अर्धं पाऊल मागे असायचे. समोरासमोर बसले की अवघडायचे. आणि सगळ्यांत नवल म्हणजे या माणसाने आयुष्यात एकही नाटक प्रेक्षकांत बसून पाहिलेलं नव्हतं.

ज्या नाटकावर त्यांचं सगळं आयुष्य गेलं, ते आमच्या भागातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. छापील नाव काहीही असो, लोक त्याला म्हणायचे 'म्हातारा उठतो ते नाटक.' वेळणेश्वराच्या अलीकडे एका गावात शाळामास्तर होते, त्यांनी ते पन्नासच्या दशकात लिहिलं. घरातला कर्ता म्हातारा मरायला टेकलेला असतो. वैद्य नाडी बघतो, मुलं-सुना हुंदके देतात. आणि म्हातारा शेवटचं काहीतरी बोलणार म्हणून सगळे कान लावतात, तर तो म्हणतो, "आधी मुलगी दाखवा." तिथून जो गोंधळ उडतो तो पडदा पडेपर्यंत. हे एकदा पाहिलेला माणूस पुढच्या वर्षी घरची चार माणसं घेऊन यायचा.

मी रुजू होऊन पाच वर्षं झाली आणि त्या नाटकाला पन्नास होत आली, तेव्हा खेडमधल्या हौशी मंडळींनी ठरवलं की त्याचा खास प्रयोग करायचा, मास्तरांचा सत्कार करायचा आणि एक स्मरणिका काढायची. साहेब मंडळाचे अध्यक्ष, आणि माझं अक्षर बरं. त्यामुळे नाटकाचा इतिहास लिहायचं काम माझ्याकडे आलं. मी जेवणाच्या सुट्टीत डबा घेऊन भाऊंच्या टेबलाशी बसू लागले.

भाऊंना सगळं पाठ होतं. पहिला प्रयोग महाशिवरात्रीच्या यात्रेत झाला. म्हाताऱ्याचं काम पलीकडच्या मोहल्ल्यातल्या एका तरुण तांडेलाने केलं होतं. मचवा हाकणारा माणूस, वय चोवीस, पण खोकला असा काढायचा की पुढच्या रांगेतल्या बायका पाणी घेऊन उठायच्या. खाडीपलीकडे प्रयोग असला की पडदे त्याच्याच मचव्यातून जायचे. एकदा लाट आत आली आणि राजवाड्याच्या पडद्यावर मिठाचे डाग पडले. ते पुढे बारा वर्षं तसेच होते, लोकांना ती नक्षी वाटायची. दापोलीला शेतकी कॉलेजच्या पोरांसमोर बाजेचा पाय मोडला. म्हातारा उठण्याऐवजी खाली गेला, तरी हशा आलाच. नायिकेचं काम आधी एक शिंपी करायचा. पुढे दवाखान्यातल्या एका नर्सबाई धीर करून उभ्या राहिल्या. मग गावचे चाकरमानी हे नाटक मुंबईला घेऊन गेले. तांडेल आखातात नोकरीला गेला, तर तिथेही त्याने सुट्टीच्या दिवशी आपल्या खोलीतल्या माणसांना घेऊन ते केलं. बाजेऐवजी लोखंडी पलंग, बाकी तेच.

"आणि मास्तरांना हे सुचलं कसं?" मी विचारलं.

भाऊ थांबले. त्यांना असं अडलेलं मी पहिल्यांदाच पाहत होते.

"सुचलं," ते म्हणाले आणि समोरच्या माणसाचा अर्ज ओढून घेतला.

दोन दिवसांनी ते स्वतःहून आत आले. कचेरीच्या आत ते सहसा येत नसत. माझ्या टेबलाच्या डाव्या बाजूला उभे राहून म्हणाले, "बाय, पेन खाली ठेव. हे लिहायचं नाय."

मग त्यांनी सांगितलं ते असं. मास्तरांनी विनोदी नाटक लिहिलंच नव्हतं. त्यांनी रडवणारं नाटक लिहिलं होतं. त्यांचे वडील वारले त्याच्या पुढच्या वर्षी, तीन महिने खपून. म्हातारा मरताना मुलांना जवळ घेतो आणि जे बोलतो, तो त्या नाटकाचा गाभा होता. पण यात्रेला चार दिवस उरले आणि तालमी पुऱ्या झाल्या नाहीत. नटांनी धीर दिला की प्रॉम्प्टर आहे ना, तो देईल तसं बोलू. प्रॉम्प्टर म्हणजे भाऊ, वय वीस, पहिलंच नाटक.

"म्हातारा बाजेवर पडलेला. वैद्याने हात धरलेला. मांडवात बायका पदर डोळ्याला लावून तयार. मी पान उलटलं आणि ओळ दिली. ती ओळ पुढच्या प्रवेशातली होती, मुलगी बघायला आलेल्या व्याह्याची. माझ्या बोटाखाली दोन पानं एकदम गेली होती."

"मग?"

"मला कळलं तोवर तांडेल बोलून गेला होता. नुसता बोलला नाय, बाजेवर उठून बसला. मांडव असा हसला की गॅसबत्ती हलली. मग थांबायचं कसं? मी देत गेलो, ते बोलत गेले."

"आणि मास्तर?"

"ते मांडवाच्या मागे उभे होते. रडत होते, बाय. पाच गावचे लोक येऊन त्यांना खांद्यावर घ्यायला बघत होते, आणि त्यांना वाटलं असेल लोक आपल्या बापाला हसतायत."

वर्षभर मास्तर भाऊंशी बोलले नाहीत. पण प्रत्येक यात्रेतून निरोप येत राहिले की म्हातारा उठतो ते नाटक पाहिजे. शाळेच्या इमारतीला पैसे हवे होते. शेवटी मास्तरांनी भाऊंना बोलावून घेतलं. ते एवढंच म्हणाले, "प्रॉम्प्टिंगला ये. ती पानं आहेत तशी राहू देत." त्यानंतर पन्नास वर्षं ते विनोदी लेखक म्हणून हार घालून घेत होते, आणि भाऊ विंगेतून ते बघत होते.

"तुम्ही कधी माफी मागितली नाहीत?"

"शब्द सापडला नाय," भाऊ म्हणाले. "दुसऱ्याला देता येतो. स्वतःला देता येत नाय."

मी स्मरणिकेत लिहिलं की मास्तरांना लोकांना हसवण्याची लहानपणापासून आवड होती. साहेबांना लेख आवडला.

सत्कार रविवारी दुपारी चारला होता. सभागृहात बसायला जागा नव्हती. वेळणेश्वराकडून एक जीप भरून माणसं आली होती. मास्तर तेव्हा चौऱ्याऐंशी वर्षांचे. धोतर, काळी टोपी, हातात काठी. शाल-नारळ झाला, साहेबांनी 'हास्याचा खजिना' वगैरे शब्द वापरले, आणि मास्तर माइकसमोर उभे राहिले. मी डाव्या विंगेत हारांची ताटं सांभाळत होते. माझ्याजवळच भाऊ स्टुलावर नाटकाची वही घेऊन बसले होते.

"हे नाटक मी..." मास्तर म्हणाले आणि थांबले.

मास्तर समोर बघत राहिले. वयामुळे शब्द गेला असावा असं सगळ्यांना वाटलं. भाऊ स्टुलावरून पुढे वाकले. मग त्यांनी ओळ दिली, "हसवण्यासाठीच लिहिलं."

मास्तरांनी मान वळवून विंगेकडे पाहिलं. मग पुन्हा लोकांकडे पाहिलं.

"हा मला विंगेतून सांगतोय, की हसवण्यासाठी लिहिलं म्हणा," ते म्हणाले. "खोटं आहे. मी रडवण्यासाठी लिहिलं होतं."

पहिला हशा इथे आला.

"खरं सांगतो. दोन पानं चिकटली होती म्हणून म्हातारा उठला. नाहीतर तो मरणार होता."

लोक खुर्च्यांवर वाकून हसू लागले. साहेबांनी रुमाल काढला.

"मी त्या दिवशी जेवलो नव्हतो," मास्तर म्हणाले, आणि टाळ्यांचा असा कडकडाट झाला की माइक शिट्टी मारू लागला. मास्तर काही वेळ त्या हसणाऱ्या माणसांकडे बघत उभे राहिले आणि मग सावकाश जाऊन आपल्या खुर्चीत बसले. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात आलं की वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षीही मास्तरांचा मिश्कीलपणा कायम आहे.

भाऊंनी त्या दिवशीचा प्रयोग नीट पार पाडला, एक ओळ चुकली नाही. पण सोमवारी त्यांचं टेबल मोकळं होतं. मंगळवारी आले आणि मला म्हणाले, "स्मरणिकेच्या प्रती मास्तरांना द्यायच्या राहिल्यात ना? रविवारी जाऊ. तू असशील तर बरं."

चिपळूणला गाडी बदलून आम्ही गेलो. मास्तरांचं घर चिऱ्याचं, पुढे शेणाने सारवलेलं अंगण, कडेला सुपारीची झाडं. मास्तर ओटीवर झोपाळ्यावर बसले होते. त्यांच्या सुनेने पाणी आणून दिलं. मी स्मरणिका पुढे केल्या, त्यांनी त्या न उघडता बाजूला ठेवल्या.

"लोक का हसले रे त्या दिवशी?" त्यांनी भाऊंना विचारलं.

भाऊ पायरीवरच उभे होते. या वेळी ते मास्तरांच्या अगदी समोर आले. "मास्तर, माझं चुकलं," ते म्हणाले. "तेव्हाच बोलायला हवं होतं. माझ्या हाताने दोन पानं उलटली. तुमच्या वडिलांचं..." आणि ते अडले.

मास्तरांनी झोपाळा पायाने थांबवला. "तुझ्या हाताने नाही," ते म्हणाले. "दुरुस्तीच्या चिठ्ठ्या मी चिकटवल्या होत्या. भाताची खळ केली होती, ती पातळ झाली आणि पानापानांत गेली. मी दुसऱ्या दिवशी वही बघितली तेव्हाच कळलं."

"मग मला सांगितलं नाहीत ते?"

"रागावलो होतो. स्वतःवर किती दिवस रागवायचं? तू समोर होतास."

सून आत जाऊन चहा टाकत होती. भाऊ पायरीवर बसले. पन्नास वर्षांचं ओझं कुणीतरी उचलून घेतलं आणि त्याखाली असलेला खांदा आता कुठे न्यायचा ते कळू नये, तसा त्यांचा चेहरा झाला होता. मास्तरच पुढे म्हणाले, "ते एकदा नीट ऐकायचं आहे मला. जसं लिहिलं तसं."

मूळ वही कधीच वाळवीने खाल्ली होती. आता भाऊंकडे होती ती तिची नक्कल, आणि तिच्यात ती दोन पानं नव्हती. भाऊंनी ती आयुष्यात वाचलेलीच नव्हती. तेव्हा ठरलं की मास्तरांनी सांगायचं आणि भाऊंनी लिहायचं.

त्या उन्हाळ्यात भाऊ दर रविवारी दोन गाड्या बदलून गेले. सोमवारी मी विचारायचे, किती झालं? कधी चार ओळी झालेल्या असायच्या, कधी एक. मास्तरांना आठवायला वेळ लागायचा. अडले की भाऊंच्या ओठांवर काहीतरी यायचं, पण ती ओळ त्यांना खरोखरच माहीत नसायची, आणि या एका जागी त्यांना भलतं काही द्यायचं नव्हतं. ते पेन उचलून वाट बघत बसायचे. "जीभ दाताखाली धरून बसतो, बाय," त्यांनी मला सांगितलं. "काल अर्धा तास धरली. मग ते म्हणाले, 'विहिरीचा रहाट नीट करा.' बाप मरताना रहाटाबद्दल बोलतो. मला जन्मात सुचलं नसतं."

मे महिन्याच्या शेवटी एका संध्याकाळी, उन्हं उतरल्यावर, त्या अंगणात ते नाटक वाचलं गेलं. सगळं नव्हे, तेवढा एक प्रवेश. तांडेल आता हयात नव्हता, पण त्याचा थोरला मुलगा आखातातून सुट्टीवर आला होता. पन्नाशीला टेकलेला जाडजूड माणूस, ट्रेवीरा कापडाची पँट, मनगटाला भारी घड्याळ. बापाचं काम म्हणून तो अगदी आनंदाने आला. चटईवर उशी घेऊन आडवा झाला आणि कागद तोंडासमोर धरला. वैद्याच्या आणि मुलांच्या ओळी भाऊच वाचणार होते. ऐकायला मास्तर, त्यांची सून, शेजारची एक म्हातारी काकू आणि मी. भाऊंनी आम्हाला अंगणाच्या दगडी गडग्याशी बाजूला घेऊन एकेकीला बजावलं, "हसायचं नाय. काय झालं तरी हसायचं नाय."

अवघड होतं ते. काकूने तो प्रवेश जन्मात वीस वेळा पाहिला होता. वैद्याने नाडी धरताच तिचे गाल फुगले आणि तिने पदर तोंडात कोंबला. मलाही पोटात गुदगुल्या होऊ लागल्या होत्या. चटईवरचा म्हातारा आता उठणार, आता मुलगी मागणार, हे आमच्या अंगातच मुरलेलं होतं.

पण तो उठला नाही. त्याने मुलांना जवळ बोलावलं. विहिरीचा रहाट नीट करा, म्हणाला. गाय विकू नका, म्हणाला. धाकट्याला विचारलं, तू जेवलास का? आणि मग काही बोललाच नाही. भाऊंनी कागद खाली घेतला. समोर चटईवर तो जाडजूड माणूस डोळे मिटून पडला होता, आणि आम्ही त्याच्याकडे बघत होतो, अजूनही उठेल म्हणून. काकूने तोंडातला पदर काढून डोळ्यांना लावला. सून उठून खांबापाशी जाऊन उभी राहिली. सुपारीच्या झाडांत वारा होता, बाकी काही नाही.

मास्तर झोपाळ्यावर ताठ बसले होते. बऱ्याच वेळाने त्यांनी विचारलं, "कुणी हसलं?"

"नाय, मास्तर," भाऊ म्हणाले.

मास्तरांनी मान हलवली. तेवढ्यात चटईवरून, डोळे मिटलेलेच ठेवून, तांडेलाचा मुलगा हलक्या आवाजात म्हणाला, "मास्तर, मी उठू का आता?"

सगळ्यांत आधी मास्तर हसले. मग काकू, मग सून, मग मी. भाऊ शेवटी हसले, कागद नीट घडी घालून खिशात ठेवल्यावर.